मिसेस डिसा आणि मंथरा : कै. ललिता पवार यांच्या कारकीर्दीचें अवलोकन

महोत्सवाच्या स्मरणिकेंत देवळाचा इतिहास, पूर्वीच्या धर्मगुरूंचीं चरित्रें, संघ-संस्थांचे वृत्तांत हीं असावयाचींच. त्यांच्या पंक्तीस एका सिनेनटीचें चरित्र कशासाठीं, असा प्रश्न आमच्या कित्येक वाचकांच्या मनांत उभा राहील, आणि तो गैर नाहीं. आमचें उत्तर इतकेंच कीं, हिंदी बोलपटांत ख्रिस्ती गृहिणीचें जें चित्र आम्हांस सर्वांत अधिक ममतेनें रंगविलेलें वाटतें, तें रंगविणारी स्त्री ख्रिस्ती नव्हती. ती येवल्याची होती, मराठी होती, आणि ज्या मुद्रेनें तिनें तें काम केलें ती मुद्रा एका अपघातानें जन्माची बिघडलेली होती. जुन्या मंडळींस ही हकीकत ठाऊक असेल. तरुणांस ती सांगणें आम्हांस अगत्याचें वाटतें.

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजीं झाला. पाळण्यांतील नांव अंबा. वडील लक्ष्मणराव शगुण हे रेशमी व सुती कापडाचे व्यापारी. येवल्याचें नांव पैठणीमुळें घरोघर ठाऊक आहे, त्या गांवांत कापडाच्या व्यापाऱ्याचें घर म्हणजे खाऊनपिऊन सुखी आणि सोंवळ्याओंवळ्याचें. अशा घरांतील मुलगी वयाच्या दहाव्या-बाराव्या वर्षाच्या सुमारास मूकपटांत काम करूं लागली, ही त्या काळीं लहान गोष्ट नव्हती. सिनेमांत उभें राहणें भल्या घरच्या स्त्रीस शोभत नाहीं, असें तेव्हां सर्रास मानलें जाई. पुढें त्या नायिका झाल्या. १९३२ सालीं ‘कैलास’ या मूकपटांत त्यांनीं काम तर केलेंच, परंतु त्याच्या निर्मितींतहि भाग घेतला. मूकपट जाऊन बोलपट आले, अनेक नटनट्या त्या पालटांत मागें पडल्या, ललिताबाई टिकल्या. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९), मास्टर विनायकांचा ‘अमृत’ (१९४१) असे चित्रपट त्यांच्या वाट्यास आले.

आणि मग १९४२ सालीं तो प्रसंग घडला. ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचें चित्रण चाललें होतें. कथेच्या ओघांत मास्टर भगवान यांनीं ललिताबाईंच्या तोंडांत मारावयाची होती. ‘अलबेला’ (१९५१) मुळें पुढें सर्वतोमुखीं झालेले हे तेच भगवानदादा. चपराक लटकी असावयाची, ती खरी बसली. तीहि अशी कीं डाव्या डोळ्याची शीर फुटली आणि चेहऱ्याची ती बाजू लुळी पडली. यांत कोणाचा दुष्ट हेतु नव्हता. उपचार दीर्घकाळ चालले. चेहरा पुष्कळसा सांवरला, परंतु डावा डोळा बारीक राहिला तो राहिलाच.

चित्रपटाच्या धंद्यांत मुख हेंच भांडवल. नायिकेचा डोळा अधू झाला म्हणजे तिची नायिकागिरी संपली, हा तेथला अलिखित कायदा. वय अवघें सव्वीस. अशा वेळीं एखादी स्त्री घरीं बसली असती तर तिला कोणी दोष दिला नसता. ललिताबाईंनीं चरित्रभूमिका पत्करल्या. १९४४ सालच्या प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून जिचें नांव महाराष्ट्रांत घेतलें जातें, ती आनंदीबाई. शांतारामबापूंच्या ‘दहेज’ (१९५०) मध्यें त्यांनीं सुनेस छळणारी सासू उभी केली, आणि तेथून ‘खाष्ट सासू’ व ‘ललिता पवार’ हे दोन शब्द प्रेक्षकांच्या तोंडीं एकच होऊन बसले.

येथें आम्हांस थोडें थांबावेंसें वाटतें. जो डोळा अपघातानें बारीक झाला, तोच डोळा पडद्यावर कपटाची खूण ठरला. ललिताबाईंनीं तो किंचित् मिचकावला कीं थिएटरांतील बायाबापड्या कडाकडा बोटें मोडीत. शरीराचें व्यंग म्हणजे मनाचें व्यंग, ही समजूत फार जुनी आहे. मंथरेस कुबड दिलें तें याच समजुतीनें. आणि जन्मांध मनुष्य पाहून शिष्यांनीं प्रभूस जो प्रश्न विचारला, त्याचें मूळहि तेंच. प्रभूनें ती समजूत तेथल्या तेथें खोडून काढली. चित्रपटवाल्यांनीं मात्र तिच्यावर वर्षानुवर्षें व्यापार केला. यांत अन्याय आहे, असें आमचें स्पष्ट मत आहे. परंतु ललिताबाईंनीं त्या अन्यायाचें रडगाणें न गातां त्याच डोळ्यास कामाला लाविलें, आणि एकच डोळा किती निरनिराळें बोलूं शकतो हें दाखवून दिलें. ‘श्री ४२०’ (१९५५) मधील मुंबईच्या रस्त्यावरची केळेंवाली पाहावी. परगांवाहून आलेल्या भुकेल्या पोराशीं ती दरासाठीं हुज्जत घालते, आणि त्याच हुज्जतींतून त्याची आई होऊन बसते. त्याच वर्षींच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ मध्यें त्या पुरुषद्वेष्ट्या आत्याबाई. ‘जंगली’ (१९६१) मध्यें घरांत हंसण्यासहि बंदी करणारी आई. आणि पुढच्याच वर्षीं ‘प्रोफेसर’मध्यें अशीच करडी बाई एका वेषधारी म्हाताऱ्यावर भाळते, तेव्हां आपल्याच करारीपणाची त्यांनीं केलेली थट्टा पाहून आम्हांस हंसूं आवरत नाहीं.

आतां डिसाबाईंकडे वळूं. हृषीकेश मुखर्जी यांचा ‘अनाडी’ १९५९ सालीं आला. बेकार चित्रकार राज (राज कपूर) मुंबईंत मिसेस डिसा यांच्या घरीं भाड्यानें राहतो. भाडें थकतें. बाई तोंडानें आग ओकतात आणि पोराच्या पोटाची काळजी वाहतात. पुढें कथेस भयंकर वळण लागतें. शहरांत तापाची सांथ, एका श्रीमंत कारखानदाराच्या औषधांत विषारी द्रव्य मिसळलेलें, तें कळूनहि कंपनीच्या अब्रूसाठीं त्याचें मौन, आणि तेंच औषध घेऊन डिसाबाईंचा अंत. आळ येतो तो राजवर, जो तिला पुत्रवत् होता. अखेरीस तो कारखानदार (मोतीलाल) कोर्टांत सत्य बोलतो. सबंध कथेचा न्याय या एका गरीब बाईच्या मरणावर तोललेला आहे. ती मेली नसती तर श्रीमंताची सदसद्विवेकबुद्धि जागी झाली नसती.

हें आम्हांस महत्त्वाचें कां वाटतें, तें सांगतों. हिंदी चित्रपटांत ख्रिस्ती मनुष्य बहुधा बाटलीसह येतो. ‘बूट पॉलिश’ (१९५४) मधील जॉन चाचा (डेव्हिड यांनीं फार सुरेख केलेला) मनाचा थोर, पण धंदा चोरट्या दारूचा. ‘बॉबी’ (१९७३) मधला ब्रागांझा दारूबाज. ‘अमर अकबर अँथनी’ (१९७७) मधल्या अँथनीचाहि दारूचाच गुत्ता. स्त्री असेल तर ती क्लबांत नाचणारी. आमच्या समाजांत दारूचें पाप नाहीं असें आम्ही म्हणत नाहीं. व्यासपीठावरून आम्हीच त्याबद्दल पुष्कळदां बोलतों. परंतु आमच्या घराघरांत ज्या बायका पहांटे उठून मिस्सेला जातात, खोली भाड्यानें देऊन चार पैसे जोडतात, परक्या पोरास रागें भरून जेवूं घालतात, त्यांचें चित्र पडद्यावर कोठें होतें? तें ‘अनाडी’त होतें. वसईंत, मुंबईंत डिसा आडनांवाचीं घरें पुष्कळ. त्यांपैकीं कोणत्याहि घरांत ही बाई सहज खपून गेली असती. या भूमिकेबद्दल ललिताबाईंस सहायक अभिनेत्रीचें फिल्मफेअर पारितोषिक मिळालें, आणि १९६१ सालीं संगीत नाटक अकादमीनें त्यांच्या अभिनयाचा सन्मान केला.

मुखर्जींनीं ही बाई विसरूं दिली नाहीं. ‘आनंद’ (१९७१) मध्यें रुग्णालयाची शिस्तप्रिय मेट्रन ललिताबाईच आहेत, आणि तिचें आडनांवहि डिसाच ठेविलेलें आहे. मरणाच्या दारीं उभा असलेला खोडकर रोगी आणि ही करडी मेट्रन, यांचे प्रसंग थोडे. पण आमच्या कित्येक धर्मभगिनींनीं व परिचारिकांनीं ज्या रीतीनें रुग्णालयांत जन्म घालविला, ती रीत त्यांत ओळखूं येते.

यानंतरची त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका दूरदर्शनवरील. रामानंद सागर यांचें ‘रामायण’ २५ जानेवारी १९८७ पासून ३१ जुलै १९८८ पर्यंत रविवारीं सकाळीं दाखविलें जाई, आणि त्या वेळीं रस्ते ओस पडत. त्यांत ललिताबाई मंथरा झाल्या. १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’ चित्रपटांतहि मंथरा त्यांचीच होती; पण लहान पडद्यानें ती घराघरांत नेली. लोक मंथरेवर मनापासून रागावले. आमच्याकडे दुःखसहनाच्या नाटकांत यहुदाचें काम करावयास कोणी सहजासहजीं तयार होत नाहीं, आणि जो करतो त्यास पोरें वर्षभर त्याच नांवानें हांका मारतात, हें वाचकांस ठाऊक आहेच. परंतु यहुदा नीट वठला नाहीं तर सबंध नाटक पडतें. ललिताबाईंनीं हें काम एका रविवारापुरतें नव्हे, जन्मभर केलें.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजीं पुण्यांत त्यांचें निधन झालें. मूकपटापासून दूरदर्शनपर्यंत सत्तर वर्षांची ही वाटचाल. २०२० च्या मार्च महिन्यांत टाळेबंदी लागली, देवळें बंद झालीं, आणि दूरदर्शननें ‘रामायण’ पुन्हां दाखविलें. तेव्हां जीं लेंकरें १९९८ नंतर जन्मलीं, तींहि तो बारीक केलेला डावा डोळा पाहून आईच्या कुशींत शिरलीं. त्या मुलांना आतां ‘अनाडी’ दाखवावा, अशी आमची घरोघरच्या आजीबाईंस विनंती आहे.