कै. भाऊसाहेब फिरोदिया आणि आपल्या समाजाची सावकारी

कै. कुंदनमलजी शोभाचंद फिरोदिया, म्हणजे नगरकरांचे भाऊसाहेब, यांचे नाव आपल्या ओसवाल समाजात घरोघरी आदराने घेतले जाते. परंतु ते कोणत्या काळात जन्मास आले याचा विचार सहसा होत नाही. तो येथे करावयाचा आहे.

त्यांचा जन्म १८८५ सालचा. त्याच्या दहाच वर्षे आधी, मे १८७५ मध्ये, पुणे जिल्ह्यातील सुपे येथे कुणब्यांनी मारवाडी व गुजर सावकारांवर उठाव केला. ते लोण लवकरच आपल्या जिल्ह्यात पारनेर, श्रीगोंदे, कर्जत व नगर या तालुक्यांतील गावांत पोहोचले. जिवावर उठण्याचे प्रकार थोडे झाले; रोख होता तो खतांवर व हुकूमनाम्यांवर. ते कागद हिसकावून जाळण्यात आले. आपले वाडवडील या सालाविषयी फारसे बोलत नसत, आणि अभिनंदनपर लेखांतूनही ते गाळले जाते. माझ्या मते हे बरोबर नाही. अमेरिकेतील यादवीमुळे चढलेला कापसाचा भाव युद्ध संपताच कोसळला, सरकारी साऱ्याचा बोजा होताच, आणि १८५९ च्या मुदतीच्या कायद्यामुळे तीन वर्षांनी खत नवे करून घेण्याची वहिवाट पडली. प्रत्येक नव्या खतात व्याज मुदलात मिसळे. हा दोष सगळा सावकाराचा नव्हे; पण लेखणी त्याच्या हाती होती, हे कबूल केले पाहिजे. पुढे १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांसाठी शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा स्वतंत्र कायदा झाला.

अशा जिल्ह्यात एका मारवाडी कुटुंबातील मुलगा पुण्यास फर्ग्युसन कॉलेजात शिकला, कायद्याची पदवी घेऊन नगरास वकिली करू लागला आणि लोकमान्यांच्या विचारांकडे ओढला गेला. ३१ मे व १ जून १९१६ रोजी लोकमान्यांची स्वराज्यावरील व्याख्याने नगरास झाली व त्यांवरून सरकारने त्यांच्यावर खटला भरला, हे सर्वश्रुतच आहे. पुढे गांधीयुगात भाऊसाहेब काँग्रेसमध्ये राहिले. १९४२ च्या चळवळीत त्यांस कारावासही घडला.

१९४६ साली ग. वा. मावळंकर दिल्लीस गेल्यावर मुंबई विधानसभेचे सभापतिपद भाऊसाहेबांकडे आले आणि १९५२ पर्यंत त्यांजकडे राहिले. तो मुंबई इलाखा म्हणजे गुजरात, महाराष्ट्र व कर्नाटकातील जिल्हे मिळून झालेला. बाळासाहेब खेर मुख्य मंत्री होते. याच सभागृहात सावकारांस परवाना, हिशेबाचे बंधन व व्याजाची मर्यादा घालणारा कायदा संमत झाला. १९४७ साली शेतकरी ऋणकोंच्या कर्जनिवारणाचा आणि १९४८ साली कुळांचा कायदा आला. कुळकायद्याने जिरायतीचा खंड पिकाच्या तिसऱ्या हिश्श्यावर व बागायतीचा चौथ्या हिश्श्यावर आणला.

हे कायदे भाऊसाहेबांनी केले असे कोणी म्हणू नये. सभापती विधेयक मांडीत नाही, आणि समसमान मते पडल्यावाचून मतही देत नाही. परंतु ज्ञातीतील कित्येकांच्या पिढीजात धंद्यावर ज्या चर्चेत घाव पडत होता, ती चर्चा नियमाप्रमाणे चालविण्याची जबाबदारी त्यांची होती. १८७५ साली खते जाळून जे साधू पाहिले होते, ते आता सनदशीर मार्गाने होत होते. आणि सभेच्या आसनावर एक मारवाडी गृहस्थ बसले होते. मला स्वतःला त्यांच्या कारकिर्दीतील हीच गोष्ट सर्वांत मोठी वाटते. मानपत्रे व सत्कार त्यानंतरचे.

श्वेतांबर स्थानकवासी जैन कॉन्फरन्सचे अध्यक्षपदही त्यांनी भूषविले. १९५२ साली मारवाडात सादडी येथे साधुसंमेलन भरून निरनिराळे संप्रदाय एका श्रमण संघात आले. त्या ऐक्याच्या कार्यातही त्यांचा वाटा होता. १९६८ साली ते निवर्तले. नगरातील भाऊसाहेब फिरोदिया हायस्कूल त्यांच्याच नावाने चालते. त्यांचे चिरंजीव नवलमलजी व हस्तीमलजी यांनी उद्योगधंद्यांत नाव मिळविले. तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

जाता जाता सभासद कुटुंबांस एक विनंती. ज्यांच्या माळ्यावर त्या काळच्या मोडीतील वह्या, खतावण्या अथवा खते पडून असतील, त्यांनी त्या रद्दीत घालू नयेत. नगरच्या ऐतिहासिक वस्तुसंग्रहालयाकडे त्या द्याव्यात, अथवा निदान कोणा मोडी जाणणाऱ्याकडून एकदा वाचवून घ्याव्यात. व्याजाचे आकडे पाहून संकोच वाटला तरी चालेल.