क्लोव्हर 'तण' कधी झाला? हिरवळीतील शत्रूंचा इतिहास

१/८
अंगणातल्या हिरवळीत नको ते गवत शिरले तर ते घालवावे कसे? प्रश्न बागकामाचा वाटतो. पण त्याच्या मुळाशी दुसरे महायुद्ध आहे.

२/८
युद्धापूर्वी अमेरिकेतील घरापुढची हिरवळ निव्वळ गवताची नसे. बियाण्याच्या मिश्रणात पांढरा क्लोव्हर ही तीन पर्णिकांची वनस्पती मुद्दाम मिसळली जाई. तिच्या मुळांवरील गाठींतले जीवाणू हवेतील नायट्रोजन स्थिर करत आणि खताची गरज कमी होई.

३/८
युद्धकाळात ब्रिटन व अमेरिकेत वनस्पतींच्या वाढीवर परिणाम करणाऱ्या रसायनांचे गुप्त संशोधन चालू होते. शत्रूची पिके नष्ट करता येतील का, हाही त्यामागील एक हेतू होता. त्यातूनच पुढे आलेले '२,४-डी' १९४५ मध्ये अमेरिकेच्या बाजारात तणनाशक म्हणून विकले जाऊ लागले.

४/८
या रसायनाने रुंद पानांच्या वनस्पती मरत, गवत मात्र तगून राही. पिवळ्या फुलांचा डँडेलियन गेला आणि त्याच्यासोबत क्लोव्हरही. कालचा सोबती तणांच्या यादीत गेला. तो फुकट देत असलेला नायट्रोजन आता खताच्या पिशवीतून विकत आणावा लागला.

५/८
हिरवळीत उरले केवळ गवत. साहजिकच यापुढचा घुसखोरही गवतच होता आणि त्याच्यापुढे २,४-डी निष्प्रभ ठरले.

६/८
यातला सर्वांत चिवट घुसखोर म्हणजे 'बर्म्युडा गवत'. नाव परके असले तरी ही आपली हरळी. गणपतीला वाहतो ती दूर्वा! अमेरिकेच्या उष्ण दक्षिणेत हिरवळीसाठी तीच मुद्दाम लावतात. फेस्क्यू गवताच्या हिरवळीत मात्र तीच शत्रू ठरते.

७/८
हरळीच्या पेऱ्यापेऱ्याला फुटवा येतो. तुकडे केले तर ती वाढतेच. १९७४ मध्ये बाजारात आलेले ग्लायफोसेट तिला मारते, पण हवे असलेले गवतही सोडत नाही. दख्खनच्या शेतकऱ्याचा उपाय याहून कितीतरी जुना आहे: उन्हाळी नांगरट करायची, ढेकळे उन्हात तापू द्यायची आणि काशा वेचून जाळायच्या.

८/८
क्लोव्हर 'तण' ठरला तो वनस्पतिशास्त्रातील एखाद्या नव्या शोधामुळे नव्हे. हाती आलेल्या रसायनाला त्याला वाचवता येत नव्हते, एवढेच त्याचे कारण. म्हणून शत्रूंची कोणतीही यादी वाचताना ती केव्हा आणि कोणत्या साधनाच्या सोयीने तयार झाली, हे आधी पाहावे.