आधी व्यवसाय, मग नाव : आउगुस्ट झांडर आणि कोलोनचे कलावंत

१/ साल १९२६. जर्मनीतील कोलोन शहराचा निर्मनुष्य रस्ता. मधोमध काळा सूट आणि गोल टोपी घातलेला एक गृहस्थ ताठ उभा आहे. हे चित्रकार अँटोन रेडरशाइट. पण हाती कुंचला नाही, मागे कॅनव्हास नाही. छायाचित्रकार आउगुस्ट झांडर (१८७६–१९६४) यांना कलावंत असाच टिपायचा होता. का? #थ्रेड

२/ झांडर खाणीतील सुताराचे पुत्र. तरुणपणी स्वतःही खाणीत राबलेले. १९२० च्या दशकात फ्रान्झ झायवर्ट, हाइनरिश ह्योर्ले या कोलोनच्या डाव्या विचारांच्या चित्रकारांशी त्यांचा स्नेह जुळला. व्यक्तीपेक्षा तिचे समाजातील स्थान रेखाटणे, ही त्या मंडळींची दृष्टी होती.

३/ याच दृष्टीतून ‘विसाव्या शतकातील माणसे’ हा झांडर यांचा प्रचंड प्रकल्प आकाराला आला. त्यात सात गट होते : शेतकरी, कारागीर, स्त्रिया, वर्ग आणि व्यवसाय, कलावंत, महानगर आणि अखेरची माणसे. चित्रकाराला निराळे सिंहासन नव्हते. भांड्यात मिश्रण घोटणारा मिठाई-कारागीर (१९२८) जितक्या आदराने टिपला, तितक्याच आदराने चित्रकारही. आधी व्यवसाय, मग नाव.

४/ १९२९ मध्ये यांतील ६० छायाचित्रांचे पुस्तक निघाले. प्रस्तावना कादंबरीकार आल्फ्रेड डोब्लिन यांची.

५/ १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले. त्यांच्या ‘शुद्ध वंशा’च्या साच्यात हे चेहरे बसणारे नव्हते. १९३६ मध्ये पुस्तकाच्या छपाईचे ठसे नष्ट करण्यात आले. तोवर कलावंतांचा मेळाही विस्कटला होता. झायवर्ट १९३३ मध्ये, ह्योर्ले १९३६ मध्ये निवर्तले. रेडरशाइट देशोधडीला लागले.

६/ झांडर यांनी सुमारे दहा हजार निगेटिव्ह कुखहाउझेन या खेड्यात हलवल्या, म्हणून त्या वाचल्या. कोलोनच्या तळघरात राहिलेल्या हजारो निगेटिव्ह १९४६ च्या आगीत भस्मसात झाल्या.

७/ झांडर यांचा पुत्र एरिक समाजवादी कार्यकर्ता. १९३४ मध्ये त्याला अटक झाली, दहा वर्षांची शिक्षा झाली. तुरुंगात त्याने सहबंदिवान राजकीय कैद्यांची छायाचित्रे काढली. १९४४ मध्ये, सुटका जवळ आली असताना, तो मरण पावला.

८/ पित्याने ती छायाचित्रे आपल्याच प्रकल्पात समाविष्ट केली. शेतकरी, मिठाई-कारागीर आणि चित्रकार यांच्या पंक्तीत आता राजकीय कैदीही उभा राहिला.