तिजोरीफोड्यांची वंशावळ

‘रिफिफी’ (१९५५) या फ्रेंच चित्रपटातली चोरी सुमारे अर्धा तास चालते. तेवढ्या वेळात पडद्यावर कुणी चकार शब्द काढत नाही, पार्श्वसंगीतही नाही. जवाहिऱ्याच्या दुकानाच्या छताला वरच्या मजल्यावरून भोक पाडायचं, त्यातून मिटलेली छत्री खाली सोडून उघडायची. फुटलेला गिलावा छत्रीत जमतो, खाली आवाज होत नाही. हॉलिवूडने डाव्या विचारांपायी वाळीत टाकलेल्या ज्यूल्स डॅसिनने हा चित्रपट काढला ऑगस्त ल ब्रताँच्या कादंबरीवरून. त्याआधीचा ह्यूस्टनचा ‘द अस्फाल्ट जंगल’ (१९५०) डब्ल्यू. आर. बर्नेटच्या कादंबरीवरचा, नंतरचा क्युब्रिकचा ‘द किलिंग’ (१९५६) लायनेल व्हाइटच्या. तिन्ही कृष्णधवल, आणि तिघांचंही मूळ गुन्हेगारी कादंबरीत.

पडद्यावरचा हा चोर जन्मला मात्र कागदावर, तोही चांगल्या घरात. ई. डब्ल्यू. हॉर्नंगचा रॅफल्स १८९९ साली पुस्तकात आला: दिवसा क्रिकेट, रात्री घरफोडी. गंमत अशी की हा हॉर्नंग शेरलॉक होम्सच्या जनकाचा, कॉनन डॉयलचा, मेहुणा. एकाच घरात एकाने पोलिसांना लाजवणारा हेर घडवला, दुसऱ्याने चोर! मग १९०५ मध्ये मॉरिस लब्लाँचा आर्सेन ल्युपँ आला आणि सभ्य चोरांचं कूळ वाढलं.

आपल्याकडे गो. ना. दातारशास्त्रींनी रेनॉल्ड्सच्या कादंबऱ्यांना मराठी पेहराव चढवून वाचकाला रहस्याची चटक लावलीच होती. तिचं व्यसन केलं ते बाबूराव अर्नाळकरांनी. चंद्रकांत सखाराम चव्हाण (१९०६–१९९६) हे त्यांचं खरं नाव, चरितार्थाला चष्म्याचं दुकान आणि नावावर हजाराहून अधिक रहस्यकथा. त्यांचा धनंजय हा सरळ गुप्तहेर. झुंझार आणि काळापहाड मात्र कायद्याच्या कुंपणावर बसलेले. रॅफल्सचे हे मराठी भाऊबंद, पण त्यांचा हात पडे तो दुष्टाच्या तिजोरीवर. गिरगावापासून लालबाग-परळच्या चाळींपर्यंत ही पुस्तकं सर्क्युलेटिंग लायब्ररीतून घरोघर फिरली. एकाने आणायचं आणि बिऱ्हाडातल्या सगळ्यांनी वाचायचं, हा रिवाज. समीक्षकांनी त्यांची फारशी दखल घेतली नाही. त्यात नुकसान समीक्षेचंच झालं.

हिंदी पडद्यावर चोराला नायकपण मिळालं ते मालाडच्या बॉम्बे टॉकीजच्या ‘किस्मत’मध्ये (१९४३). अशोककुमारचा शेखर खिसे कापतो, सिगारेट झोकात ओढतो, पकडला जातो, पुन्हा सुटतो. चोरी करतो तीसुद्धा नायिकेच्या पायाच्या शस्त्रक्रियेसाठी. शेवटी तो श्रीमंत बापाचा हरवलेला मुलगा निघतो आणि सगळे गुन्हे माफ. इथेच आपली वाट ‘रिफिफी’पासून फुटते. तिथे चोरी हे काम आहे, हाताचं कसब आहे. आपल्याकडे ती नायकाची चूक, आईच्या पदराखाली धुऊन निघणारी. गुरुदत्तच्या ‘आर पार’मध्ये (१९५४) बँक लुटायचा बेत शिजतो, त्यासाठी टॅक्सीवाला कालू गाडी चालवायला हवा असतो, पण दिग्दर्शकाचा जीव त्या बेतापेक्षा गाण्यांत आणि बोलीभाषेच्या फटकाऱ्यांत रमलेला. मला तो चित्रपट अतिशय आवडतो, पण चोरीपट म्हणून नव्हे. अमेरिकेतही चोरीची रीत तपशिलात दाखवू नये, असं हॉलिवूडच्या सेन्सॉर संहितेत लिहिलं होतं. तिजोरीफोडीचं नाव घेऊन! ह्यूस्टन आणि क्युब्रिकने त्यातूनही वाट काढली. आमच्याकडे तसा हट्ट धरणारं कुणी दिसत नाही.

बिनचूक आखलेली चोरी मुंबईत अखेर झाली, पण पडद्यावर नाही. मार्च १९८७ मध्ये मोनसिंग नाव सांगणाऱ्या एका माणसाने वर्तमानपत्रात गुप्तवार्ता अधिकारी हवेत अशी जाहिरात दिली, पंचतारांकित हॉटेलात मुलाखती घेतल्या, २६ तरुण निवडले आणि १९ मार्चला त्यांना घेऊन ऑपेरा हाउसच्या त्रिभुवनदास भीमजी झवेरी यांच्या पेढीवर सीबीआयचा ‘छापा’ घातला. तपासणीसाठी म्हणून लाखोंचे दागिने थैल्यांत भरले आणि पसार झाला. आपण खऱ्या नोकरीवर आहोत, अशी त्या तरुणांची समजूत होती. रॅफल्सलाही हे सुचलं नसतं. नीरज पांडेचा ‘स्पेशल २६’ त्यावर २०१३ मध्ये निघाला, तोवर कृष्णधवल जमाना कधीच सरला होता.

मोनसिंग मात्र पोलिसांना कधीच सापडला नाही.