जगाच्या आत जग: मोक्षोपायाच्या नव्या वाचकासाठी

शंबर नावाच्या असुराने मायेने तीन योद्धे घडवले: दाम, व्याल आणि कट. त्यांना पूर्वजन्म नव्हता, वासना नव्हती, ‘मी’ म्हणावे असे काही आतच नव्हते. म्हणून जिंकण्याची हाव नव्हती आणि मरणाचे भयही नव्हते. देव त्यांच्यापुढे टिकेनात. ब्रह्मदेवाने सल्ला दिला तो मोठा विलक्षण आहे: त्यांना हरवायला जाऊ नका, लढण्याचे सोंग करा, चालून जा, पळून या, पुन्हा जा. देव तसे वागत राहिले. रोज जिंकता जिंकता त्या तिघांना जिंकण्याची सवय लागली, सवयीतून ‘मी जिंकतो’ हे आले, त्यातून ‘माझा देह’ आला, आणि देह माझा झाला त्या दिवशी भीती आली. ते हरले. मग नरक, मग नाना योनी, मग काश्मीरमधल्या एका तळ्यातले मासे, आणि शेवटी श्रीनगरात कोणी चिमणी, कोणी डास. तिथे यशस्कर राजाचा मंत्री नरसिंह दाम, व्याल आणि कट यांची गोष्ट सांगतो. ती कानावर पडते, ही आपलीच गोष्ट आहे हे त्यांना उमगते, आणि ते सुटतात.

ज्या ग्रंथात ही कथा येते त्याचे मूळ नाव मोक्षोपाय. आपण त्याला योगवासिष्ठ म्हणून ओळखतो. यशस्कर हा काश्मीरचा खराखुरा राजा, इसवी सनाच्या 10व्या शतकाच्या मध्यावरचा. ग्रंथाचा काळ ठरवताना अभ्यासक या उल्लेखाचा आधार घेतात. मला मात्र त्याहून महत्त्वाचे वाटते ते असे, की ग्रंथकाराने आपल्या डोळ्यांसमोरचे शहर आणि त्यातला राजवाडा उचलून कथेत ठेवला. वसिष्ठ रामाला हे सांगतात ते भविष्य म्हणून, आणि त्या काळच्या श्रीनगरातल्या श्रोत्याच्या दृष्टीने तेच वर्तमान. ऐकणाऱ्याने आपण कथेच्या बाहेर बसलो आहोत असे समजू नये, ही योजना त्यामागे आहे.

या ग्रंथाचे तत्त्वज्ञान थोडक्यात सांगणे अवघड नाही. जग म्हणून जे भासते ते चित्ताचे स्फुरण आहे. एका चित्तात एक जग, त्या जगातल्या कोणाच्या चित्तात आणखी एक, आणि ही मालिका कुठे थांबत नाही. जग का उद्भवले याला कारण शोधू नका, कावळा बसायला आणि फांदी मोडायला एक गाठ पडावी तसे ते उद्भवले. इतके सांगून झाले की सारांश संपतो, आणि ग्रंथ मात्र हजारो श्लोक पुढे चालतच राहतो. हे हजारो श्लोक कशासाठी, हा प्रश्न या अभ्यासाच्या दारातला पहिला प्रश्न आहे.

माझे उत्तर असे: इथे कथा ही सिद्धान्ताला जोडलेला दृष्टान्त नाही. कथाच युक्तिवाद करते. लीलेचे आख्यान घ्या. राणी लीलेचा पती पद्म राजा मरतो. सरस्वतीच्या कृपेने तिला दिसते की तो त्याच महालातल्या अवकाशात दुसऱ्या राज्यावर राज्य करतो आहे. ती आणखी मागे जाते, तेव्हा कळते की आपण दोघे मुळात डोंगराळ खेड्यातले ब्राह्मण दांपत्य. त्या ब्राह्मणाने एकदा राजाची मिरवणूक पाहिली आणि त्याला राजा व्हावेसे वाटले. तो वारून अवघे आठ दिवस झाले आहेत, घरचे अजून शोकात आहेत. त्या आठ दिवसांत, त्या झोपडीएवढ्या जागेत, राज्ये उभी राहिली, लढाया झाल्या, पिढ्या मोठ्या झाल्या. ‘काळ सापेक्ष आहे’ हे वाक्य वाचून मान डोलावता येते, पण हे आख्यान वाचताना खरे घर कोणते हे वाचकाला स्वतःला ठरवता येईनासे होते. तो गोंधळ हेच इथले शिक्षण. म्हणून सार काढून कथा टाकून देणाऱ्या आवृत्त्यांनी वाचकाचे नुकसान केले आहे, असे मी ठामपणे म्हणेन.

तरी एका ठिकाणी सावध राहायला हवे. लवण राजाची कथा प्रसिद्ध आहे: जादूगार मोरपिसांचा कुंचा फिरवतो आणि राजा क्षणात एक अख्खे आयुष्य जगून येतो. घोडा त्याला रानात नेतो, चांडाळ मुलीशी लग्न होते, मुले होतात, दुष्काळ पडतो. शुद्धीवर आल्यावर तो शोध घेतो, तर ती वस्ती खरोखर आहे, आणि दुष्काळात माणसे मेल्याचे सांगणारी म्हातारीही आहे. गाधीच्या आख्यानातही भयस्वप्न म्हणून चांडाळाचाच जन्म येतो. हे स्वप्न कोणाचे? राजाला ज्यातून जागे होता येते ते आयुष्य त्या म्हातारीचे जागेपणाचे आयुष्य आहे. महाराष्ट्रातल्या आजच्या वाचकाने हा प्रश्न बाजूला ठेवून पुढे जाऊ नये. ग्रंथही त्यासाठी जागा देतो: युक्तीला धरून असेल तर पोराचेही बोलणे घ्यावे आणि नसेल तर ब्रह्मदेवाचेही टाकावे, असे तो सांगतो. दैवाला दोष देणाऱ्यांवर तर त्याचा राग उघड आहे, पौरुषावर इतका भर देणारे अद्वैत विरळाच. आणि चूडाला राणीच्या कथेत ज्ञान आधी बायकोला होते. वनात निघून गेलेल्या नवऱ्याला शिकवायला तिला ब्राह्मणकुमाराचे रूप घ्यावे लागते, कारण राणी म्हणून तिचे त्याने ऐकलेच नव्हते.

ग्रंथाचा प्रवास लांबचा आहे. काश्मीरच्या अभिनंदाच्या नावावरचा संक्षेप दूरवर पोचला. त्याचा फारसी अनुवाद 16व्या शतकाच्या अखेरीस शाहजादा सलीमसाठी झाला, तर दारा शुकोहने 1656 मध्ये नवा अनुवाद करवून घेतला. विद्यारण्यांनी जीवन्मुक्तिविवेकात त्याचा भरपूर आधार घेतला, आणि हळूहळू तो शांकर वेदान्ताचा ग्रंथ म्हणून वाचला जाऊ लागला. आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या वापरली गेली ती मुंबईच्या निर्णयसागर छापखान्याची, वासुदेव लक्ष्मण शास्त्री पणशीकरांनी संपादित केलेली, आनंदबोधेंद्रांच्या टीकेसह छापलेली संहिता. वाल्टर स्लाये यांनी काश्मिरी हस्तलिखितांवरून दाखवले की प्रचलित पाठात बरेच बदल झालेले आहेत. सुतीक्ष्ण आणि अगस्ती, अरिष्टनेमी आणि वाल्मीकी अशा बाहेरच्या चौकटी मागाहून बसवल्या गेल्या. मूळ ग्रंथ वाल्मीकींच्या नावाचा आधार घेत नव्हता. जर्मनीत हाले इथे त्याच्या चिकित्सक आवृत्तीचे काम झाले, आणि त्यामुळे निर्णयसागर प्रतीवर वाढलेल्या आपल्यासारख्या वाचकांना बऱ्याच गोष्टी नव्याने तपासाव्या लागणार आहेत. ज्ञानदेवांच्या अमृतानुभवात काश्मिरी शैवांच्या शिवसूत्रांचा उल्लेख आहेच. तेव्हा ज्ञानदेवांच्या चिद्विलासाशेजारी काश्मीरचा हा दुसरा, शैव नसलेला प्रवाह ठेवून वाचणे हे मराठीत अजून मन लावून करण्यासारखे काम आहे.

संस्कृत कच्चे असेल तरी अडून राहू नका. सहा प्रकरणांपैकी वैराग्यप्रकरणापासून आरंभ करण्याचा रिवाज आहे, आणि तरुण रामाची उदासी वाचता वाचता बरेच जण तिथेच गळतात. उत्पत्तिप्रकरणातल्या लीलेपासून सुरुवात करा, मग स्थितिप्रकरणातले दाम, व्याल, कट, मग उपशमातला गाधी. चूडाला निर्वाणप्रकरणात भेटेल. वैराग्यप्रकरण त्यानंतर वाचा. तोपर्यंत राम का उदास होता हे तुम्हाला त्याच्याइतकेच ठाऊक झालेले असेल.