काळ्या यादीतला गोदो

सॅम्युएल बेकेटच्या 'वेटिंग फॉर गोदो' या नाटकातले व्लादिमीर आणि एस्ट्रागॉन हे दोघे भटके. घर नाही, दार नाही. रोज संध्याकाळी झाडाखाली येऊन गोदोची वाट पाहायची. उर्दूत याला इंतजार म्हणतात. पण आमच्या शायरांनी त्या शब्दाला आशिकीचा इतका अत्तर लावला आहे की इथे तो चालत नाही. गोदो म्हणजे देव की मृत्यू, यावर समीक्षकांनी पाने भरली. आम्हाला मात्र या नाटकाचा एक टीव्ही-प्रयोग अधिक बोलका वाटतो.

एप्रिल १९६१ मध्ये अमेरिकेत 'प्ले ऑफ द वीक' मालिकेत अॅलन श्नायडरने तो सादर केला. एस्ट्रागॉन होता झीरो मॉस्टेल, व्लादिमीर बर्जेस मेरेडिथ. जून १९५० मध्ये निघालेल्या 'रेड चॅनेल्स' या पुस्तिकेत कम्युनिस्टांचे साथी म्हणून १५१ कलावंतांची नावे छापली होती. त्यांत हे दोघेही होते. ना खटला, ना शिक्षेची मुदत. नुसती यादी, आणि स्टुडिओची दारे बंद!

मॉस्टेल चित्रे काढत दिवस ढकलू लागला. त्याचा मित्र, नट फिलिप लोब याचेही नाव यादीत होते. टीव्हीवरची गाजती भूमिका गेली आणि सप्टेंबर १९५५ मध्ये लोबने आत्महत्या केली. पुढच्याच महिन्यात मॉस्टेल संसदीय चौकशी समितीपुढे उभा राहिला. मित्रांची नावे सांगायला त्याने नकार दिला. वर विचारले की, बसलेल्या फुलपाखराची नक्कल करून लोकांना हसवले तर त्यात गुन्हा कोणता?

नाटकात फास घेण्यासाठी एस्ट्रागॉन कमरेची दोरी सोडतो. विजार घसरते, दोरी ताणून पाहताच तुटते, आणि मरणेही उद्यावर जाते. असल्या प्रसंगाला हसावे की नाही? १९५६ साली मायामीत श्नायडरनेच हे नाटक बसवले, तेव्हा विनोदी नाटक समजून आलेले कितीतरी प्रेक्षक मध्येच उठून गेले होते.

टीव्ही-प्रयोगापर्यंत मॉस्टेलचे दिवस पालटू लागले होते. १९७६ च्या 'द फ्रंट' चित्रपटात त्याने काळ्या यादीत सापडून जीव देणारा विनोदी नट रंगवला. अखेरच्या श्रेयनामावलीत त्याच्या नावाखाली यादीत पडल्याचे साल दिले आहे : १९५०.