सेवापुस्तकातील जन्मतारीख : हिंगणघाट परिसरातील नोंदींचा इतिहास

निवृत्ती जवळ आली की नोकरीच्या कागदावरील जन्मतारखेचा वाद निघतो, पण त्याचे बीज तीस-चाळीस वर्षांपूर्वीच्या नोंदीत असते. हिंगणघाट तालुका 1956 च्या राज्यपुनर्रचनेपर्यंत आधी मध्य प्रांतात आणि मग मध्य प्रदेशात होता. त्या कारभारात गावातील जन्म-मृत्यूची खबर कोतवाल देई. त्यातून तयार झालेल्या ‘कोतवाल बुका’ची नक्कल विदर्भात आजही पुरावा म्हणून काढली जाते. मात्र या नोंदीत बहुधा बापाचे नाव, जात, तारीख आणि ‘मुलगा’ किंवा ‘मुलगी’ एवढेच असते. मुलाचे बारसे व्हायच्या आधीच खबर गेलेली असे. एकाच बापाला तीन मुलगे असले, तर अमुक नोंद आपलीच, हे साठीला टेकलेल्या माणसाने सिद्ध करायचे कसे?

दुसरी नोंद शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरातली. जून-जुलैत शाळा उघडली की गुरुजी मुलाकडे पाहून वय ठरवत आणि 1 जून किंवा 1 जुलै ही तारीख लावत. त्या पिढीत 1 जून हा असंख्य लोकांचा कागदोपत्री वाढदिवस झाला तो असा. महिन्याच्या 1 तारखेला जन्मलेला सरकारी कर्मचारी आदल्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो. म्हणून सरकारी कार्यालयांत 31 मे रोजी निरोप समारंभांची गर्दी उडते.

गिरणीतला प्रकार निराळा होता. उत्तम कापसासाठी नाव असलेल्या हिंगणघाटात एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कापडगिरण्या उभ्या राहिल्या. कारखाना कायद्याने 1881 साली कामाचे किमान वय 7 वर्षे ठरवले, 1891 मध्ये 9, 1922 मध्ये 12, तर 1948 च्या कायद्याने 14 केले. जन्मदाखला नसलेल्या पोराचे वय प्रमाणक डॉक्टर दात आणि अंगकाठी पाहून ठरवत. घरात पगार हवा असे, त्यामुळे भरतीच्या वेळी वय वाढवून सांगण्याकडे कल असे. भरतीच्या दिवशी वाढवलेली ही दोन-तीन वर्षे निवृत्तीच्या वेळी पगारातून वजा होत. ज्याला अक्षरओळख नव्हती आणि ज्याने अंगठा उठवला, त्याला आपल्या नावापुढे काय लिहिले आहे हे कळायला मार्गच नव्हता. या वादांतला सर्वांत मोठा अन्याय हाच आहे. पुढे 1952 च्या भविष्यनिर्वाह निधी कायद्याने कापड उद्योगाला आपल्या कक्षेत घेतले आणि वयाचा आणखी एक कागद तयार झाला. दोन कागदांत दोन तारखा असल्या की भांडणाला निमित्त मिळे.

सरकारी नोकरीत नियम आधीपासून काटेकोर होते. केवळ वर्ष माहीत असेल तर 1 जुलै, वर्ष व महिना माहीत असेल तर त्या महिन्याची 16 तारीख धरायची. महाराष्ट्र नागरी सेवा (सेवेच्या सर्वसाधारण शर्ती) नियम, 1981 मधील नियम 38 प्रमाणे, एकदा झालेली नोंद उघड लेखनिकी चूक असल्याखेरीज किंवा दुसऱ्या कोणाच्या हलगर्जीमुळे चुकली असल्याखेरीज बदलत नाही. 16 ऑगस्ट 1981 पासून सेवेत आलेल्यांनी पाच वर्षांच्या आत अर्ज करायचा असतो. केंद्र सरकारने अशीच मुदत 1979 साली घातली. तीच सर्वोच्च न्यायालयाने 1993 च्या हरनाम सिंग प्रकरणात उचलून धरली. त्याच वर्षीच्या किरुबाकरन प्रकरणात न्यायालयाने कारणही स्पष्ट केले : एकाचा मुक्काम लांबला की मागच्या अनेकांची बढती अडकते. तत्कालीन लष्करप्रमुख जनरल व्ही. के. सिंह यांचा जन्मवर्ष 1950 की 1951 हा वादही फेब्रुवारी 2012 मध्ये याच भूमिकेपाशी थांबला. त्यांनी याचिका मागे घेतली.

ही मुदत लिहिता-वाचता येणाऱ्या कारकुनाला योग्यच आहे, कारण निवृत्तीच्या वर्षी मिळवलेल्या दाखल्याची खातरजमा करायला साक्षीदार उरलेले नसतात. अंगठेबहाद्दर कामगाराला मात्र तीच मुदत लावण्यापूर्वी नोंद त्याला वाचून दाखवली होती का, हे तपासले पाहिजे. कोळसा खाणींत 1987 मध्ये कामगारांच्या हाती सेवानोंदीचे उतारे देऊन हरकती मागवल्या गेल्या, ती पद्धत जास्त न्यायाची होती.

जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात 2023 साली दुरुस्ती झाली. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांना सरकारी नोकरीसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच चालेल. राज्य सरकारचा अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्तीचा नियम कायम राहिला, तर त्यांतले पहिले कर्मचारी 2081 मध्ये निवृत्त होतील.